साथ, सत्ता आणि लस : १८९६ च्या प्लेगविषयी

१८९६ च्या प्लेगवर मराठीत लिहिलं गेलं नाही असं कोणी म्हणणार नाही. चरित्रं ढिगाने आली, नाटकं आली, चित्रपटही आला. पण मराठी वाचकाच्या मनातला प्लेग मार्च १८९७ मध्ये पुण्यात सुरू होतो आणि २२ जूनच्या रात्री गणेशखिंडीच्या रस्त्यावर संपतो. पुण्याचा प्लेग अधिकारी रँड याच्यावर गोळी झाडली गेली आणि गोष्ट मिटली. प्रत्यक्षात त्याच्या आधी सहा-आठ महिने मुंबई या रोगाने पोखरून निघाली होती, आणि त्याच्यानंतर पाव शतक तो हिंदुस्थानभर माणसं मारत राहिला. १९०७ या एका वर्षात दहा लाखांहून अधिक माणसं गेली. पहिल्या पंचवीस वर्षांतल्या मृत्यूंचा आकडा कोटीच्या घरात जातो, आणि त्यांत सगळ्यांत मोठा वाटा पंजाबचा आहे. आपण ज्याला शेवट समजतो, तिथे साथ नुकती कुठे सुरू झाली होती.

वैद्यकाच्या पुस्तकांत हाच प्लेग अगदी वेगळा दिसतो. तिथे १८९४ मध्ये हाँगकाँगला येर्सिनने जंतू शोधला, मुंबईत हाफकिनने लस तयार केली, कराचीत सिमोंने पिसवेचा माग काढला आणि विज्ञान जिंकलं. या पुस्तकांत रँड नाही, शिपाई नाहीत, दारावरची लाथ नाही. शहरांचा इतिहास लिहिणाऱ्यांच्या लेखी प्लेग म्हणजे मुंबई इम्प्रूव्हमेंट ट्रस्टची जन्मकथा. तिन्ही खरं आहे, पण वेगवेगळं वाचलं की तिन्ही लंगडं पडतं.

मी वैद्यकीय महाविद्यालयात पीएसएम, म्हणजे जनवैद्यकशास्त्र शिकवते. माझे विद्यार्थी उत्तरपत्रिकेत प्लेगच्या पिसवेचं लॅटिन नाव बिनचूक लिहितात. ती पिसू दोषी आहे हे सिद्ध होईपर्यंत सरकारने किती घरं उपसली होती, हे त्यांना कोणी विचारत नाही. इतिहासाचे विद्यार्थी रँडच्या वधाची तारीख झोपेतही सांगतील. पण त्या दिवशी प्लेग उंदरांपासून माणसापर्यंत कसा येतो याचं उत्तर सरकारकडे नव्हतं, हे त्यांच्या पुस्तकात नसतं. या दोन्ही वर्गांना एका बाकावर बसवावं, म्हणून हे पुस्तक लिहायला घेतलं. लिहिता लिहिता एक गोष्ट मनात पक्की होत गेली. सरकारने सर्वांत जास्त बळ वापरलं ते त्याला सर्वांत कमी कळत होतं तेव्हा. पुढे नेमकं ज्ञान हाती आलं, तोवर लोकांचा विश्वास गेलेला होता.

सुरुवात मांडवीपासून करायला हवी. बंदराला लागून असलेला हा भाग, तळमजल्यावर धान्याच्या वखारी आणि वर खोल्याखोल्यांत दाटीने राहणारी कुटुंबं. गोदामांत उंदीर मरून पडत होते. माणसांना ताप येत होता, जांघेत किंवा काखेत गाठ उठत होती आणि चार-पाच दिवसांत खेळ आटपत होता. २३ सप्टेंबर १८९६ रोजी डॉ. अकासियो गाब्रिएल व्हिएगस यांनी हा गाठीचा प्लेग असल्याचं निदान केलं. हे गृहस्थ मूळचे गोव्यातल्या बार्देशातल्या हडफड्याचे. पुढे ते मुंबई महापालिकेचे अध्यक्षही झाले. त्यांचं निदान कोणालाच नको होतं. व्यापाऱ्याला नको होतं, कारण बंदर बंद पडलं असतं. सरकारला नको होतं, कारण बाहेरच्या देशांनी मुंबईची जहाजं अडवली असती. साथ आली की ती आलीच नाही असं आधी म्हणायचं, ही सरकारी सवय फार जुनी आहे.

मग एकदा कबूल केल्यावर तीच यंत्रणा दुसऱ्या टोकाला गेली. महापालिका आयुक्त स्नो यांनी ६ ऑक्टोबरला फर्मान काढलं: रोग्याला वेगळं काढायचं, गरज पडली तर जबरदस्तीने इस्पितळात न्यायचं, घर धुऊन काढायचं. त्या काळच्या समजुतीप्रमाणे प्लेगचं मूळ घाणीत, दमट जमिनीत आणि कोंदट हवेत होतं. म्हणून गटारांत समुद्राचं पाणी सोडलं, कार्बोलिकचे पिंपच्या पिंप ओतले, भिंतींना चुना फासला, आत ऊन यावं म्हणून छपरांची कौलं काढली. ज्या घरांत माणसाने राहू नये असं ठरलं त्यांच्या दारांवर तशी इंग्रजी आद्याक्षरं रंगवली. अंथरूण-पांघरूण, गोधड्या, कपडे जाळले. धुतलेल्या गटारांतले उंदीर जागा बदलून घरांतच शिरत असणार, हे आज कळतं. तेव्हा उंदराकडे कोणाचं फारसं लक्षच नव्हतं.

आर्थर रोडच्या इस्पितळावर २९ ऑक्टोबर १८९६ रोजी गिरणी कामगारांचा मोठा जमाव चालून गेला. आज ज्याला आपण कस्तुरबा रुग्णालय म्हणतो तेच हे ठिकाण. या घटनेचं वर्णन सरकारी कागदांत अडाणी जमावाचा अफवांवरचा विश्वास असं येतं, आणि पुष्कळ मराठी लेखकांनीही ते तसंच उचललं आहे. मला ते पटत नाही. लोक म्हणत होते की इस्पितळात गेलेला परत येत नाही. यात खोटं काय होतं? प्लेगवर तेव्हा औषध नव्हतं. स्ट्रेप्टोमायसिन यायला अजून जवळजवळ अर्धं शतक होतं. गाठीच्या प्लेगने आजारी पडलेल्यांतले निम्म्याहून अधिक दगावत, आणि इस्पितळात पोचणारे बहुतेक अखेरच्या घटकेलाच पोचत. तिथे डॉ. नसरवानजी चोक्सींसारखे डॉक्टर जिवावर उदार होऊन राबत होते हे खरंच आहे, पण त्यांच्या हातात आधाराशिवाय दुसरं काही नव्हतं. बायकोला, मुलाला उचलून न्यायचं आणि पुन्हा तोंडही बघू द्यायचं नाही, यावर गिरणीतल्या माणसाने काढलेला निष्कर्ष त्याच्या अनुभवाला धरून होता. अफवा म्हणून बाजूला टाकलेल्या कितीतरी गोष्टी मी या पुस्तकात पुन्हा तपासल्या आहेत, त्या याच कारणासाठी.

कायदा त्यानंतर आला. फेब्रुवारी १८९७ मध्ये व्हेनिसला आंतरराष्ट्रीय आरोग्य परिषद भरायची होती. युरोपातली राष्ट्रं हिंदुस्थानच्या मालावर आणि हज यात्रेकरूंवर डोळे लावून बसली होती. आपण काहीतरी कडक करतो आहोत हे दाखवणं सरकारला भाग होतं. ४ फेब्रुवारीला साथरोग कायदा मंजूर झाला. अवघी चार कलमं. सरकारला वाटेल ते उपाय करण्याचा अधिकार, न ऐकणाऱ्याला शिक्षा, आणि सद्‌हेतूने काम करणाऱ्या अधिकाऱ्यावर दावा लावता येणार नाही अशी हमी. रोग्याला काय मिळेल, त्याचे हक्क कोणते, यावर एक अक्षर नाही. मार्च २०२० मध्ये महाराष्ट्राने करोनासाठी हाच कायदा बाहेर काढला. स्वातंत्र्यानंतरच्या सात दशकांत आपल्याला त्याच्या जागी नवा कायदा लिहावासा वाटला नाही, ही गोष्ट मला रँडपेक्षा जास्त अस्वस्थ करते. रँड गेला, त्याच्या हातातला कागद आपण जपून ठेवला.

पुण्याचं प्रकरण वाचकांना ठाऊक आहे, म्हणून त्यावर या पुस्तकात तुलनेने कमी पानं आहेत. तरी दोन-तीन गोष्टी इथेच सांगते. पहिली शरीराची. प्लेगची गाठ उठते जांघेत, काखेत, मानेला. म्हणजे तपासणी करायची तर कपडे बाजूला सारावे लागतात. रेल्वेच्या फलाटावर आणि भर रस्त्यात परक्या पुरुषांनी बायकांची ही तपासणी केली. रँडच्या हाताखाली आठशेहून अधिक शिपाई होते, आणि देवघरापासून माजघरापर्यंत सगळं त्यांना उघडं होतं. या संतापाचा विचार करताना ही वैद्यकीय बाब सुटली की सगळं प्रकरण सोवळ्याओवळ्याचं वाटू लागतं. पंडिता रमाबाईंना सोवळ्याचं काही पडलेलं नव्हतं. तरी मे १८९७ मध्ये ‘बॉम्बे गार्डियन’ला पत्र लिहून प्लेगच्या छावणीत बायकांची काय अवस्था होते हे त्यांनी जाहीरपणे मांडलं. गोखल्यांनी इंग्लंडमध्ये ‘मँचेस्टर गार्डियन’मध्ये अत्याचारांचे आरोप केले, आणि परत आल्यावर ते सिद्ध करता येईनात म्हणून त्यांना माफी मागावी लागली. त्यांना माहिती पुरवणाऱ्यांपैकी कोणी नाव द्यायला पुढे आलं नाही. ज्या बाईवर बेतलं असेल तिने सरकारी चौकशीपुढे उभं राहून काय सांगायचं होतं, हा प्रश्न त्या माफीची चर्चा करणाऱ्यांनी क्वचितच विचारला आहे.

दुसरी गोष्ट टिळकांची. वेगळं ठेवण्याला त्यांचा तत्त्वतः विरोध नव्हता. शहरातले कितीतरी पुढारी गाव सोडून गेले असताना ते पुण्यात थांबले, हिंदूंसाठी प्लेगचं इस्पितळ चालवण्यात पुढे झाले. त्यांचा राग पद्धतीवर होता. पुढे त्यांचा थोरला मुलगा विश्वनाथ प्लेगनेच गेला. आणि रँडच्या वधासाठी फाशी गेलेल्या दामोदर चापेकरांनी तुरुंगात लिहिलेलं आत्मवृत्त वाचलं तर प्लेगच्या झडत्या हे त्यांच्या रागाचं एकमेव कारण नव्हतं हेही दिसतं. साथ येण्याआधीपासून तो राग पेटलेला होता.

आणि तिसरी, सावित्रीबाई फुल्यांची. झडत्या सुरू होण्याच्या तोंडावर, १० मार्च १८९७ रोजी त्या प्लेगनेच गेल्या. त्यांचे दत्तक पुत्र डॉ. यशवंत यांनी हडपसरजवळ माळावर उघडलेल्या दवाखान्यात त्या रोगी घेऊन जात होत्या. मुंढव्याचा गायकवाडांचा आजारी मुलगा त्यांनी पाठीवरून आणला, हे सर्वांना माहीत असतं. मला त्यात लक्षात ठेवावंसं वाटतं ते असं की हे वेगळं ठेवणंच होतं, वस्तीपासून दूर, माळावर. फक्त तिथे नेणारा हात ओळखीचा होता आणि उपचार करणारा डॉक्टर आपला होता. मुंबईतही पुढे जातीजातींनी, पंथांनी आपापली इस्पितळं काढली तेव्हा रोगी तिथे जाऊ लागले. जातवार इस्पितळ ही काही अभिमानाची गोष्ट नाही. पण सरकारी सक्तीने जे झालं नाही ते तिथे झालं, हे नोंदवायलाच हवं.

आता हाफकिन. या माणसावर मराठीत एक भरघोस पुस्तक असायला हवं होतं. ओडेसात जन्मलेला हा ज्यू शास्त्रज्ञ पॅरिसच्या पाश्चर संस्थेतून १८९३ मध्ये कॉलऱ्याची लस घेऊन हिंदुस्थानात आला आणि ऑक्टोबर १८९६ मध्ये मुंबईत दाखल झाला. ग्रँट मेडिकल कॉलेजात मिळालेली तोकडी जागा आणि मोजके मदतनीस एवढ्यावर त्याने काम सुरू केलं. त्याच्या काचेच्या चंबूंत सारासारखं पातळ पोषकद्रव्य असे, आणि त्यावर थोडं तूप सोडलेलं असे. तुपाच्या तरंगत्या थेंबांना धरून प्लेगचे जंतू वाढत आणि गुहेच्या छतावरून खनिजाचे सुळे लोंबावेत तसे पांढरे धागे खाली उतरत. चंबू हलवला की ते तळाशी बसत आणि वर पुन्हा नवे धागे धरत. असं काही आठवडे चालल्यावर ते मिश्रण तापवून जंतू मारायचे आणि त्यात किंचित कार्बोलिक घालायचं. पोषकद्रव्य करताना त्याने गाय आणि डुक्कर दोन्ही टाळले, कारण ही लस कोणाच्या दंडात जाणार आहे याचं भान त्याला होतं. आरोग्य खात्याच्या त्या काळच्या सगळ्या हुकूमनाम्यांत एवढं भान मला सापडलं नाही.

१० जानेवारी १८९७ रोजी त्याने ती लस आधी स्वतःला टोचून घेतली. महिनाअखेरीस भायखळ्याच्या तुरुंगात स्वेच्छेने पुढे आलेल्या कैद्यांना दिली, आणि टोचलेल्यांत प्लेग बराच कमी झाल्याचं दिसलं. तुरुंगातल्या कैद्याची स्वेच्छा म्हणजे काय, हा प्रश्न आज नीतिसमितीपुढे टिकणार नाही, त्याची चर्चा सातव्या प्रकरणात आहे. पण हाफकिन सक्तीच्या बाजूचा नव्हता. तरुण आगाखानांनी स्वतः दंड पुढे केला, आपला बंगला प्रयोगशाळेसाठी दिला आणि त्यांना मानणारी खोजा जमात मोठ्या संख्येने लस घ्यायला आली. १८९९ मध्ये परळच्या जुन्या गव्हर्नर बंगल्यात प्रयोगशाळा हलली.

त्यानंतर मलकोवाल. ३० ऑक्टोबर १९०२ रोजी पंजाबातल्या या गावात १०७ जणांना लस टोचली. एकाच बाटलीतून टोचलेले १९ जण धनुर्वाताने मेले, इतर बाटल्यांमधून टोचलेल्यांना काही झालं नाही. बूच काढताना मदतनिसाच्या हातातला चिमटा जमिनीवर पडला होता आणि तो नीट निर्जंतुक न करता वापरला, हे पुढे स्पष्ट झालं. चौकशीने मात्र परळच्या प्रयोगशाळेवर ठपका ठेवला आणि हाफकिनला घरी बसवलं. रोनाल्ड रॉस आणि इतर शास्त्रज्ञांनी लंडनच्या ‘टाइम्स’मधून आवाज उठवल्यावर १९०७ मध्ये त्याच्यावरचा डाग पुसला गेला. संस्थेला त्याचं नाव मिळायला १९२५ साल उजाडलं. परळला हाफकिनच्या फाटकावरून रोज हजारो माणसं जातात. ज्या सरकारने सक्ती करणाऱ्यांना कायद्याचं कवच दिलं, त्याच सरकारने लस करणाऱ्याला वाऱ्यावर सोडलं. या दोन गोष्टी आजवर मराठीत एका पानावर आलेल्या नाहीत, आणि त्या आणणं हा या पुस्तकाचा एक मोठा हेतू आहे.

पिसवेची कथा त्याहून संथ आहे. जून १८९८ मध्ये कराचीत पॉल-लुई सिमोंने आजारी उंदीर एका बरणीत ठेवला, शेजारी जाळीच्या पिंजऱ्यात निरोगी उंदीर ठेवला. स्पर्श नाही, अन्न एक नाही, तरी दुसरा मेला. पिसू मधे होती. त्याचं म्हणणं वर्षानुवर्षं हसण्यावारी नेलं गेलं. १९०५ नंतर परळला प्लेग संशोधन आयोगाच्या शास्त्रज्ञांनी प्लेग झालेल्या ठिकाणी गिनीपिगांचे पिंजरे टांगले. जमिनीपासून दोन इंचांवर टांगलेले गिनीपिग आजारी पडले, दोन फुटांवरचे बचावले, कारण पिसवेची उडी तेवढी उंच जात नाही. चुना, कार्बोलिक, समुद्राचं पाणी आणि शेकडो शिपाई यांनी जे दाखवलं नाही ते त्या दोन फुटांनी दाखवलं.

आणि हे सगळं होण्याच्या आधीपासून दख्खनच्या खेड्यांत लोक काय करत होते? घरात उंदीर पडला की घर सोडायचं, माळावर झोपड्या घालायच्या, साथ ओसरल्याशिवाय परत यायचं नाही. मुंबईतून तर १८९७ च्या सुरुवातीला जवळजवळ निम्मी वस्ती कोकणात आणि घाटावर निघून गेली. गिरण्यांत हात मिळेनात, मालक नाक्यावर येऊन रोजच्या रोखीने बोली लावू लागले. १८९१ च्या ८,२१,७६४ लोकसंख्येची १९०१ मध्ये ७,७६,००६ झाली. पळणाऱ्यांनी रोग गावोगावी नेला हे खरं आहे. पण उंदीर पडलेलं घर सोडणं हा त्या वेळी उपलब्ध असलेला सर्वांत शहाणा उपाय होता. अखेर सरकारने तोच स्वीकारला आणि १९०० च्या सुमारास सक्ती जवळजवळ सोडून दिली.

इम्प्रूव्हमेंट ट्रस्टबद्दल इथे थोडंच. १८९८ मध्ये स्थापन झालेल्या या संस्थेने सँडहर्स्ट रोड, प्रिन्सेस स्ट्रीट काढले, दादर-माटुंग्याची आखणी केली. नागपाड्यासारख्या गरिबांच्या वस्त्यांत मात्र पाडलं जास्त आणि बांधलं कमी, त्यामुळे उठवलेली माणसं शेजारच्या चाळींत आणखी दाटीने कोंबली गेली. रोगाच्या नावाने जागा मोकळी करणं आणि त्या जागेचं सोनं करणं, हे मुंबईकराला समजावून सांगायला नको.

साधनांविषयी. कॅप्टन कॉन्डनचा ‘द बॉम्बे प्लेग’ हा १९०० चा ग्रंथ आणि जनरल गॅटेकरांचा १८९७ चा अहवाल हे सरकारी बाजूचे मोठे आधार. डेव्हिड अरनॉल्ड, राजनारायण चंदावरकर, मृदुला रामण्णा, प्रशांत किदंबी यांनी इंग्रजीत जे काम केलं आहे त्याच्यावाचून हे पुस्तक उभं राहिलं नसतं. त्यांच्या मतांशी जिथे माझं जुळत नाही तिथे मी तसं स्पष्ट लिहिलं आहे. मुंबईच्या पुरालेखागारातली प्लेगची दप्तरं चाळताना एक गोष्ट सतत खुपत होती. अधिकारी, डॉक्टर, शेठ, पुढारी यांची नावं पानोपानी येतात. ज्यांनी गटारं उपसली, प्रेतं उचलली, जंतुनाशक शिंपडलं, ते हलालखोर आणि भंगी केवळ आकड्यांत येतात. याच माणसांनी ऑक्टोबर १८९६ मध्ये शहर सोडायची तयारी दाखवली तेव्हा आयुक्त स्नो यांचं धाबं दणाणलं. सफाई करणारे गेले तर मुंबई राहण्याजोगी उरणार नाही हे त्यांनीच लिहून ठेवलं आहे, आणि महिन्याभरातच आपला हुकूम सौम्य केला. टिळकांच्या अग्रलेखांनी किंवा शेठांच्या अर्जांनी जे झालं नसतं ते या धास्तीने झालं. शेवटचं प्रकरण त्यांच्यावर आहे आणि ते पुस्तकातलं सर्वांत लहान प्रकरण आहे, कारण कागद तेवढेच आहेत. ज्यांच्या घरांत त्या काळची पगाराची चिठ्ठी असेल, एखादा फोटो असेल, पणजीकडून ऐकलेली हकिगत असेल, त्यांनी ती कळवली तर पुढच्या आवृत्तीत हे प्रकरण पहिलं येईल.